हाफनरचं ‘हो’

जर्मन लेखक-पत्रकार सेबास्टियन हाफनर कितीही वेळा वाचला तरी मी एकाच प्रसंगाशी येऊन अडकतो. मार्च १९३३ चा शेवटचा दिवस. बर्लिनच्या वरिष्ठ न्यायालयाचं ग्रंथालय. पंचविशीतला एक शिकाऊ वकील, म्हणजे खुद्द हाफनर, कागद पसरून बसलाय. बाहेर बुटांचा आवाज, आणि मग नाझींचे तपकिरी गणवेशवाले आत शिरतात, ज्यूंना हुसकायला. एक जण याच्यासमोर उभा राहून विचारतो, ‘आर्य आहेस?’ याच्या तोंडून पटकन निघतं, ‘हो.’ तो याच्या नाकाकडे निरखून बघतो आणि पुढे जातो.

बस्स, इतकंच. बोलला तेही खरंच होतं. पण ते उत्तर देऊन आपण आपली खुर्ची राखली, हे क्षणभर उशिरा लक्षात आलं आणि तोंड लाजेने तापलं.

त्याच वर्षी परीक्षेआधी सगळ्या उमेदवारांना युटरबोगच्या शिबिरात पाठवलं. दंडावर स्वस्तिकाची पट्टी, खेड्यांतून संचलन. रस्त्यावरची माणसं झेंड्याला हात तरी वर करायची, नाहीतर पटकन एखाद्या दारात शिरायची. काही महिन्यांपूर्वी असा दारात शिरणारा हाच होता!

१९३८ मध्ये तो इंग्लंडला गेला. खरं नाव राइमुंड प्रेट्सेल. मागे राहिलेल्या घरच्यांना त्रास नको म्हणून संगीतकार बाखकडून सेबास्टियन घेतलं, मोत्झार्टच्या सिंफनीतून हाफनर. (टोपणनाव घ्यावं तर असं.) १९४० मध्ये इंग्रजांनीही त्याला ‘शत्रुदेशाचा’ म्हणून काही काळ डांबलं. पुढे ‘ऑब्झर्व्हर’ या लंडनच्या वृत्तपत्रात नाव कमावलं आणि १९५४ मध्ये त्यांचाच वार्ताहर म्हणून बर्लिनला परतला.

तिथून पुढचा हाफनर अनेकांना पचत नाही. बर्लिनची भिंत उभी राहिली तेव्हा हा कडवा कम्युनिस्टविरोधी. १९६२ मध्ये ‘श्पीगेल’ या जर्मन साप्ताहिकाच्या संपादकाला तुरुंगात टाकलं, तर हा सरकारवर तुटून पडला. १९६७ मध्ये पोलिसाच्या गोळीने बेनो ओनेझोर्ग हा विद्यार्थी मेला, तेव्हा विद्यार्थ्यांच्या बाजूने. नंतर पश्चिम जर्मनीचा चॅन्सेलर ब्रांट याच्या, कम्युनिस्ट पूर्वेशी जुळवून घेण्याच्या धोरणाचा पाठीराखा. कोलांटउड्या म्हणा हवं तर. मला नाही वाटत. मत बदलताना तो कधी लपून बसला नाही, ‘माझं आधीपासून हेच होतं’ असं सोंगही आणलं नाही.

माझी तक्रार वेगळीच आहे. ग्रंथालयातलं ते ‘हो’ त्याने १९३९ मध्येच लिहून काढलं होतं. युद्ध पेटलं, ते लिखाण अर्धवट राहिलं. ठीक. पण पुढची साठ वर्षं? ‘आम्हाला काही ठाऊकच नव्हतं’ म्हणणाऱ्या त्या पश्चिम जर्मनीत हे पान छापून यायला हवं होतं. १९७८ मध्ये त्याने हिटलरवर छोटंसं, धारदार पुस्तक लिहिलं, तुफान खपलं. तेव्हाही हे बाड पडूनच होतं.

जानेवारी १९९९ मध्ये हाफनर गेला. बाड २००० मध्ये छापलं गेलं.