‘नेक्रोनॉमिकॉन’ नावाचा प्राचीन ग्रंथ नाही

‘नेक्रोनॉमिकॉन हा आठव्या शतकात दमास्कसमध्ये लिहिलेला अरबी गूढग्रंथ असून त्याच्या मोजक्या प्रती बड्या ग्रंथालयांत कुलूपबंद आहेत’, असा मजकूर सध्या फिरतो आहे. हे खरे नाही. हा ग्रंथ अमेरिकन भयकथाकार एच. पी. लव्हक्राफ्ट (१८९०–१९३७) यांच्या डोक्यातून निघाला. तो आपणच रचल्याचे त्यांनी पत्रांतून वाचकांना सरळ कळवले होते.

घोळ वाढवला तोही त्यांनीच. १९२७ मध्ये त्यांनी या ग्रंथाचा गंमत म्हणून ‘इतिहास’ लिहिला. प्रती कुठे आहेत याची त्यातली यादी पाहा: ब्रिटिश म्युझियम, हार्वर्डचे ग्रंथालय आणि त्यांच्याच शेजारी मिस्कटॉनिक विद्यापीठ. पहिली दोन खरी, तिसरे लव्हक्राफ्टच्या कथांतलेच! लॅटिन भाषांतर १२२८ मध्ये ओलाउस वॉर्मियसने केले म्हणे. या नावाचा खरा डॅनिश विद्वान जन्मला १५८८ मध्ये.

कथित लेखकाचे नावही बघा. ‘अब्दुल अलहजरेद’. ‘अब्दुल’मध्ये ‘अल’ (इंग्रजीतल्या ‘द’सारखा अरबी शब्द) आधीच आलेला आहे, तो पुन्हा लावला आहे. अरबी येणारा माणूस स्वतःचे नाव असे लिहिणार नाही. लव्हक्राफ्ट यांना हे नाव लहानपणी, अरबी सुरस कथांच्या वेडात मिळाले होते.

मग दुकानात मिळते ते काय? ‘सायमन’ या टोपणनावाने १९७७ मध्ये निघालेले पुस्तक. त्यात मेसोपोटेमियातल्या देवतांची नावे लव्हक्राफ्टच्या कल्पनांत मिसळली आहेत.