‘मराठीत सगळ्यांनाच घार’ म्हणणाऱ्या त्या पोस्टबद्दल

गेले काही महिने एक पोस्ट फिरते आहे. पक्षी बघणाऱ्यांच्या ग्रुपवर आली, जपानी शिकणाऱ्यांच्या ग्रुपवर आली आणि परवा आमच्या मोठ्या काकांनी घरच्या ग्रुपवर टाकली, खाली हात जोडल्याची चार चित्रं लावून. मजकूर साधारण असा: मराठी माणूस आकाशात मोठं काही दिसलं की ‘घार’ म्हणून मोकळा होतो. जपान्यांचं बघा. त्यांनी शिकारी पक्ष्यांचं शास्त्रशुद्ध वर्गीकरण शेकडो वर्षांपूर्वीच केलंय. ‘वाशी’ म्हणजे गरुड, ‘ताका’ म्हणजे ससाणा, दोन्ही जाती वेगळ्या. नर-मादीला वेगळी नावं देणारी जगातली ती एकमेव भाषा. प्रत्येक नावात पक्ष्याबद्दल आदर. घारीला मात्र तिथे कुणी विचारत नाही. ‘ताका’ हा शब्द मुळात आपलाच, ‘तार्क्ष्य’ या गरुडाच्या संस्कृत नावावरून गेलेला. आणि सुशी करायला जपान्यांना एका पक्ष्यानंच शिकवलं. सोबत हायाबुसा मोटारसायकलचा फोटो आणि त्याखाली ‘हायाबुसा म्हणजे गरुड’.

मी पुण्यात जपानी शिकले, भाषांतराची कामं करते आणि रविवारी गळ्यात दुर्बीण अडकवून फिरते. त्यामुळे ही पोस्ट माझ्याकडे दोन्ही बाजूंनी येते आणि ‘हे खरं का गं?’ हा प्रश्नही. दर वेळी अर्धंमुर्धं उत्तर देण्यापेक्षा एकदाच लिहून टाकते.

मोटारसायकल आधी उरकू. हायाबुसा म्हणजे गरुड नव्हे, बहिरी ससाणा. ‘हाया’ म्हणजे वेगवान, आणि ‘बुसा’ हा ‘त्सुबासा’ म्हणजे पंख या शब्दाचा घासून उरलेला तुकडा, अशी त्याची फोड सांगतात. सूर मारताना ताशी ३०० किलोमीटरच्या पुढे जाणाऱ्या पक्ष्याचं नाव १९९९ साली मोटारसायकलला दिलं, पुढे शिंकानसेन या बुलेट ट्रेनला दिलं, लघुग्रहावरची माती आणणाऱ्या यानालाही दिलं. गरुडाचा इथे संबंध नाही.

म्हणजे पोस्टनं ‘ताका’चं भाषांतर ‘ससाणा’ केलंय तेही चुकलंच. ताका म्हणजे ढोबळमानानं बाज-शिक्रा वर्गातले पक्षी. पण भाषांतर सोडा, मूळ मुद्दाच बघू. वाशी आणि ताका या दोन वेगळ्या जाती आहेत का? तर नाहीत. दोघंही एकाच कुळातले. थोराड असेल तो वाशी, लहान असेल तो ताका, एवढाच हिशेब. आणि तोही नीट लागत नाही. ‘कुमाताका’ नावाचा डोंगरी जंगलातला पक्षी घ्या. लांबी ७० ते ८० सेंटीमीटर, पंख पसरले तर दीड मीटर. नाव मात्र ताका. उलट ओकिनावाच्या नैर्ऋत्येला इशिगाकी आणि इरिओमोते बेटांवर राहणारा ‘कानमुरीवाशी’ जेमतेम ५५ सेंटीमीटरचा, पण नाव वाशी! हा आपल्याला परका नाही. सह्याद्रीत शीळ घालत घिरट्या घालणारा तुरेवाला सर्पगरुड तो हाच, फक्त तिथला अंगानं लहान. (इशिगाकीचा माजी जगज्जेता मुष्टियोद्धा गुशिकेन योको याचं टोपणनावही कानमुरीवाशीच. लहान चणीच्या माणसाला शोभलं.)

खरा विनोद पुढे आहे. ज्याला शास्त्रीय वर्गीकरण म्हणता येईल ते जपानच्या पक्षिशास्त्र संस्थेच्या अधिकृत यादीत सापडतं, आणि तिथे ही जुनी वाटणी टिकलेली नाही. वाशी आणि ताका दोघंही ‘ताका’ गणात एकत्र. हायाबुसाही त्यांच्याबरोबरच होता, पण २०१२च्या सातव्या आवृत्तीत त्याला उचलून स्वतंत्र गणात ठेवलं. कारण जनुकं तपासल्यावर कळलं की ससाणे हे गरुड-बाजांपेक्षा पोपटांना जवळचे. वाकडी चोच, तीक्ष्ण नख्या, शिकारीची तीच पद्धत, आणि नातं पोपटाशी! हे ना जुन्या जपानी माणसाला ठाऊक होतं, ना आपल्या आजोबांना, ना लॅटिन नावं देणाऱ्या युरोपियनांना.

मग ती जुनी नावं आली कुठून? बहुतांश बाजदारांकडून. पक्षी हातावर बसवून शिकार करणाऱ्यांची ही भाषा, आणि नर-मादीच्या नावांची गोष्ट इथेच उलगडते. शिकारी पक्ष्यांत मादी नरापेक्षा मोठी असते. ओताका म्हणजे उत्तरेकडचा मोठा बाज. त्याची मादी ५७ सेंटीमीटरच्या आसपास, नर ५० चा. बाजदाराला हे दोन वेगवेगळ्या कामांचे पक्षी. मोठ्या शिकारीला मादी, लहान चपळ शिकारीला नर. म्हणून ओताकाच्या नराला ‘शो’ म्हणत. हाइताकाच्या, म्हणजे बाशाच्या, नराला ‘कोनोरी’. आणि त्सुमी हा तर आपल्या शिक्र्याहूनही लहान, त्याच्या नराला ‘एस्साई’. नावं गोड आहेत, मान्य.

पण ‘जगातली एकमेव भाषा’? अहो, आपल्याच देशातले बाजदार मादीला बाज आणि नराला जुर्रा म्हणत आले. बाशाचा नर बाशीन. शिकऱ्याचा नर चिपक. उत्तर हिंदुस्थानातल्या दरबारांतून हे शब्द सर्रास चालत होते. इंग्रजीतही नराला ‘टर्सल’ म्हणतात, कारण तो मादीपेक्षा एक तृतीयांशानं लहान असा समज. जिथे जिथे माणसानं हातावर बाज बसवला तिथे तिथे ही जोडनावं तयार झाली. त्यात जपानी स्वभावाचा काही संबंध नाही, तराजूचा आहे. आणि आजच्या जपानी पक्षिपुस्तकात ही जोडनावं शोधायला गेलात तर मुख्य नाव म्हणून मिळणार नाहीत. तिथे एका जातीला एकच नाव, काताकाना लिपीत लिहिलेलं.

बाजदारी मात्र त्या मातीत किती मुरली आहे हे बघायचं तर नकाशा उघडावा. तोक्योच्या पश्चिमेला मिताका नावाचं शहर आहे. मि म्हणजे तीन. शोगुनांच्या, म्हणजे लष्करी राज्यकर्त्यांच्या, काळातल्या तीन शिकारक्षेत्रांवरून ते नाव पडलं असं सांगतात. तोक्योतल्या हामारिक्यू बागेत नवीन वर्षाच्या पहिल्या दिवसांत आजही बाज उडवून दाखवतात. वर्षातल्या पहिल्या स्वप्नात काय दिसावं याचा तिथला क्रमही ठरलेला: पहिला फुजी, दुसरा ताका, तिसरं वांगं. पहिला तोकुगावा शोगुन इएयासू याची ही आवडती तीन, असं कुणी म्हणतं. कुणी म्हणतं, निव्वळ श्लेष: ताका म्हणजे ‘उंच’ही, आणि नासु म्हणजे वांगं तसंच ‘तडीस नेणं’ही. मला दुसरं पटतं. वांग्याला शकुन मानायला श्लेषाशिवाय दुसरं कारण सुचत नाही.

आता आदराचा मुद्दा. बाजदाराच्या कामाचा नसलेला पक्षी जपानीत कसा वागवला गेला ते ऐका. नोसुरी हा उघड्या माळावर बसून उंदीर धरणारा धष्टपुष्ट पक्षी. हातावर बसवून त्याचा उपयोग नाही, म्हणून त्याला ‘कुसोतोबी’ म्हणत. तोबी म्हणजे घार. कुसो म्हणजे काय ते मी लिहीत नाही, लहान मुलं वाचतात. चोगेनबो, म्हणजे आपल्याकडे हिवाळ्यात येणारी खरुची, हवेत एका जागी पंख फडफडवत थांबणारी देखणी पाखरी. तिचं नाव ‘मागुसोदाका’. घोड्याच्या लिदीचा बाज! तोच चोगेनबो आज नागानोमधल्या एका उंच कड्यावर वसाहत करून राहतो आणि तो कडा १९५३ पासून राष्ट्रीय निसर्गस्मारक आहे. पक्षी तोच, बघणारा बदलला.

‘इनुवाशी’चं, म्हणजे सोनेरी गरुडाचं, तसंच. इनु म्हणजे कुत्रा, म्हणून ‘कुत्र्यांची शिकार करणारा गरुड’ असं एका ग्रुपवर कुणी ठोकून दिलं होतं. जपानीत ‘इनु’ हा शब्द पुढे लावून दुय्यम, खऱ्याहून कमी प्रतीचं असं सुचवतात. रानटी झाडांच्या नावांत तो पुष्कळ दिसतो, आपण ‘रान’ किंवा ‘कडू’ लावतो तसा. बाणाला लावायची पिसं ओवाशी या मोठ्या समुद्री गरुडाची उत्तम, याची त्याखालची, म्हणून हा इनु, असा एक खुलासा आहे. कुमाताकातल्या ‘कुमा’चा अर्थ अस्वल, पण तो अस्वलं मारत नाही, दांडगा एवढंच सांगायचंय, आपल्या ‘गेंड्याची कातडी’मध्ये गेंडा असतो तितपत.

आणि घार. इथे मला जरा राग आहे, कारण तिनं मला लुटलंय. एनोशिमाच्या किनाऱ्यावर दगडी पायऱ्यांवर बसून मी कोरोक्के खात होते. बटाट्याचाच पदार्थ, आपल्या वड्याचा बिनमिरचीचा मावसभाऊ म्हणा. मागे पाटी होती, ‘घारींपासून सावध’. वाचली होती. एक सावली पायऱ्यांवरून सरकली, कानशिलाला पंखाचा फटका बसला आणि हातात तेलकट कागद तेवढा उरला. नख लागलं नाही, ओरखडासुद्धा नाही. वर बघितलं तर ती उडता उडताच पायातलं चोचीत घेत होती आणि वरून तिची ती लांबलचक ‘पीऽ ह्योरोरो’.

तर जपानीत म्हण आहे: तळलेला तोफू घारीनं पळवला. म्हणजे हातातोंडाशी आलेला घास गेला. दुसरी म्हण, घारीच्या पोटी बाज जन्मला, आपल्या चिखलातल्या कमळासारखी. इथे घारीला कमी लेखलंय हे खरं, आणि पोस्टवाल्यानं बहुधा एवढंच ऐकलं. पण ७२० साली पूर्ण झालेल्या ‘निहोन शोकी’ या इतिहासग्रंथात पहिला सम्राट जिम्मू लढाईत अडकतो तेव्हा त्याच्या धनुष्याच्या टोकावर येऊन बसते ती सोनेरी घारच. तिच्या तेजानं शत्रूचे डोळे दिपतात. गरुड नाही, बाज नाही, घार. तिच्याच नावानं १८९० साली लष्करी शौर्यपदक सुरू झालं, ते १९४७ पर्यंत होतं. एदो शहरातले (म्हणजे जुन्या तोक्योतले) आग विझवणारे घारीच्या चोचीसारखा आकडा लावलेली काठी वापरत, ‘तोबीगुची’. आग पसरू नये म्हणून शेजारची घरं त्यानं ओढून पाडायची. आजही उंच परांचीवर काम करणाऱ्या मजुराला जपानीत ‘तोबी’च म्हणतात. एका पक्ष्यानं आणखी किती ठिकाणी असावं?

शिवाय ही आपलीच घार. जात एकच, उपजात वेगळी. जरा मोठी, डोळ्यामागे काळसर पट्टा. त्याच उपजातीच्या घारी मध्य आशियातून हिवाळ्यात भारतातही उतरतात.

‘तार्क्ष्य’वर फार वेळ घालवत नाही. संस्कृत शब्द जपानला गेले ते बौद्ध धर्माबरोबर, चीनवरून, आणि वाटेत त्यांचा चेहरा बदलला. दानाचं ‘दान्ना’ झालं, त्याचा अर्थ आज ‘नवरा’ असा होतो. गरुडाचं ‘कारुरा’ झालं. नारा शहरातल्या कोफुकुजी मंदिरात कारुराची ७३४ सालची मूर्ती आहे, माणसाचं धड आणि पक्ष्याचं डोकं. गरुड जपानला पोचला हे शंभर टक्के खरं, पण तो देवळात पोचला. ‘ताका’ हा शब्द आधीपासून तिथलाच. त्याच ‘निहोन शोकी’त एक कथा आहे: सम्राट निन्तोकूला कुणी जाळ्यात सापडलेला अनोळखी पक्षी भेट देतं, आणि कोरियातल्या पेकचे राज्याचा राजपुत्र सांगतो की आमच्याकडे हे पुष्कळ, आम्ही यांना ‘कुची’ म्हणतो, शिकवले तर माणसाळतात. ग्रंथकार पुढे लिहितो, हाच आजचा ताका. म्हणजे बाजदारी कोरियाकडून आली याची आठवण ते स्वतःच ठेवतात. नुसत्या उच्चारावरून नाती जोडायची तर आपला ताकाचा तांब्याही जपानचाच म्हणावा लागेल.

राहिलं मराठीचं. कापशी, शिक्रा, बहिरी, खरुची, तिसा, मोहोळघार, सर्पगरुड, ही काय तमिळ नावं आहेत? मोहोळघार तर पोळी फोडून खाते म्हणून मोहोळघार. त्याच पक्ष्याला जपानीत ‘हाचिकुमा’ म्हणतात, हाचि म्हणजे मधमाशी किंवा गांधीलमाशी. दोघांनीही तिचं जेवण बघितलं. शहरातला माणूस ही नावं विसरला, ते खरं. पण तोक्योच्या ऑफिसातल्या माझ्या सहकाऱ्यानं खिडकीबाहेरच्या घारीकडे बोट करून ‘ताका!’ म्हटलं होतं, तेही खरं.

शेवटी सुशी. मिसागो म्हणजे ऑस्प्रे, मासे धरून खाणारा शिकारी पक्षी. तो मासे कपारीत साठवतो, ते लाटांच्या पाण्यानं आंबतात आणि ते बघून माणूस सुशी शिकला, ही ‘मिसागोझुशी’ची गोष्ट जपानमध्ये एदो काळापासून सांगितली जाते. पोस्टवाल्यानं ती रचलेली नाही, फक्त खरी मानली. सुशीचा जुना प्रकार बघायचा तर बिवा सरोवराकाठची फुनाझुशी: मीठ लावलेले मासे भातात दडपून महिनोन्‌महिने ठेवायचे. आंबवण्याचं काम भात करतो. भाताशिवाय ते होत नाही, आणि ऑस्प्रे भात लावत नाही. साठवतही नाही. हिवाळ्यात भिगवणला जाऊन बघा. पाण्यातल्या वाळक्या झाडावर तो मासा पायाखाली दाबून बसलेला असतो. डोक्यापासून सुरुवात करतो, मान वर करून इकडेतिकडे बघतो, पुन्हा एक लचका. मागच्या जानेवारीत घड्याळ लावून बघितलं होतं. पाऊण तासात शेपटीचा तुकडा तेवढा पाण्यात पडला, आणि तो एका बगळ्यानं उचलला.