स्वप्न कोणाला सांगावे

गेल्या महिन्यात माझ्या मामेबहिणीची ठरत आलेली सोयरीक मोडली. मुलगा शिकलेला, घर ओळखीचे, दोन्हीकडची पसंती झालेली, साखरपुड्याच्या तारखेपर्यंत बोलणे आलेले. मग मुलाच्या घरच्यांनी कोणाच्या तरी सांगण्यावरून फोनवर एका गृहस्थांकडून ‘इस्तिखारा काढून’ घेतला, म्हणजे हे काम करावे की नाही याचा अल्लाहकडून कौल मागवला. मुलीचे नाव, तिच्या आईचे नाव आणि ठरलेली रक्कम एवढे त्या गृहस्थांना पुरले. दुसऱ्या दिवशी त्यांचा निरोप आला की स्वप्नात काळे पाणी दिसले, तेव्हा हे लग्न करू नये. त्यांनी ना मुलीला कधी पाहिले होते, ना मुलाला. माझी बहीण त्यानंतर कित्येक दिवस ताटावर बसून नुसता भात चिवडत राही, आणि एका रात्री तिने मला विचारले, “आपा, माझ्यात असं काय काळं आहे?”

त्या प्रश्नामुळे हे लिहीत आहे. मी आलिम, म्हणजे धर्मपंडित, नाही, पण ज्या परंपरेच्या नावाने हा निरोप आला ती परंपरा मला घरातून मिळाली आहे आणि तिच्याविषयी मला मनापासून आदर आहे. म्हणूनच तिचा असा वापर झालेला मला सहन होत नाही.

आधी इस्तिखाऱ्याविषयी. प्रेषितांचे सहकारी हजरत जाबिर (रजि.) सांगतात की प्रेषित मुहम्मद (स.) आम्हाला कुरआनची सूरह (अध्याय) शिकवावी तसा इस्तिखारा शिकवत. दोन रकात, म्हणजे दोन आवर्तनांची, नफिल (ऐच्छिक) नमाज पढायची आणि मग दुआ मागायची: हे काम माझ्या दीनसाठी (धर्मासाठी), उदरनिर्वाहासाठी आणि शेवटासाठी भले असेल तर ते माझ्या नशिबात लिही आणि सोपे कर; वाईट असेल तर त्याला माझ्यापासून आणि मला त्याच्यापासून दूर कर; माझे भले जिथे असेल तिथे ते मला दे आणि त्यात मला समाधानी ठेव. या संपूर्ण दुआमध्ये स्वप्नाचा उल्लेखच नाही. ज्याच्यापुढे काम आहे त्याने स्वतः उभे राहून मागायची ही गोष्ट आहे. आपल्याकडे ती ‘काढून’ घ्यायची वस्तू कधी झाली, आणि तिचे उत्तर दुसऱ्या कोणाच्या झोपेत कसे शोधले जाऊ लागले, याचा विचार आपण करायला हवा.

स्वप्नांना इस्लामी परंपरेत मोठे स्थान आहे, यात शंका नाही. सच्चे स्वप्न हा नुबुव्वतच्या, म्हणजे प्रेषितत्वाच्या, 46 भागांपैकी एक भाग आहे अशी हदीस, म्हणजे प्रेषितांचे वचन, आहे. अजानचे शब्द अब्दुल्लाह इब्न जैद (रजि.) यांना स्वप्नात मिळाले आणि हजरत बिलाल (रजि.) यांच्या आवाजात ते मदीनेत घुमले. सूरह यूसुफ तर एका मुलाच्या स्वप्नापासूनच सुरू होते: अकरा तारे, सूर्य आणि चंद्र आपल्याला सजदा (साष्टांग वंदन) करत आहेत. पण ते ऐकल्यावर वडिलांच्या तोंडून निघालेले पहिले वाक्य मला नेहमी थांबवते. हजरत याकूब (अलै.) अर्थ सांगण्याच्या आधी बजावतात की बाळा, हे स्वप्न तुझ्या भावांना सांगू नकोस. ताबीर, म्हणजे स्वप्नाचा अर्थ, नंतर आली; आधी आली ती काळजी.

याच काळजीचा धागा हदीसांमधून पुढे जातो. स्वप्ने तीन प्रकारची सांगितली आहेत: अल्लाहकडून येणारी शुभवार्ता, सैतानाकडून येणारी भीती, आणि माणसाचे मन दिवसभर स्वतःशी जे बोलते ते. तिसऱ्या प्रकाराला मराठीत ‘मनी वसे ते स्वप्नी दिसे’ याहून चांगले शब्द मिळणार नाहीत. चांगले स्वप्न सांगायचे ते फक्त प्रेम करणाऱ्याला किंवा शहाण्याला. वाईट स्वप्न कोणालाही सांगायचे नाही. डावीकडे तीनदा हलकेच थुंकायचे, अल्लाहचा आश्रय मागायचा, कूस बदलायची, मग ते काही नुकसान करत नाही. मी लहानपणी दचकून उठले की नानी अंधारातच हाताने माझा चेहरा डावीकडे वळवायची, ‘थू-थू’ करून घ्यायची आणि मला दुसऱ्या कुशीवर वळवून पाठीवर थोपटत राहायची. काय दिसले, असे तिने एकदाही विचारले नाही. तेव्हा मला वाटायचे की तिला झोप आली असेल. आता कळते की न विचारणे हाच तिचा इलाज होता.

एका माणसाने प्रेषितांना (स.) सांगितले की स्वप्नात माझे डोके उडवले गेले, ते घरंगळत चालले आणि मी त्याच्या मागे धावत होतो. प्रेषित (स.) हसले आणि म्हणाले, सैतान झोपेत तुमच्याशी खेळला तर ते लोकांना सांगत बसू नका. हाच माणूस आज फोन लावता तर त्याला किती रुपयांचा उपाय सांगितला गेला असता, या विचाराने मन खट्टू होते.

मला सर्वांत महत्त्वाची वाटते ती प्रेषितांचे जवळचे सोबती हजरत अबू बक्र (रजि.) यांची हकिकत. एका माणसाने स्वप्नात ढग पाहिला, त्यातून तूप आणि मध ठिबकत होते, लोक ओंजळी भरून घेत होते, कोणाला जास्त मिळाले, कोणाला कमी. हजरत अबू बक्रांनी प्रेषितांकडे (स.) ताबीर सांगण्याची परवानगी मागितली, सांगितली आणि विचारले, बरोबर सांगितले का? उत्तर मिळाले: काही बरोबर, काही चूक. कोणते चूक ते सांगा, असे त्यांनी शपथ घालून विनवले; तरीही ते सांगितले गेले नाही. जिथे अबू बक्रांसारख्या माणसाची ताबीर काही अंशी चुकू शकते, तिथे अनोळखी मुलीविषयी एका रात्रीत ठाम निकाल देणाऱ्याने कोणत्या आधारावर तो द्यावा?

ताबीर म्हटले की आपल्याकडे इमाम इब्न सीरीन यांचे नाव घेतले जाते. बसऱ्याचे हे कापड व्यापारी आणि मोठे विद्वान हिजरी 110 मध्ये, म्हणजे इ.स. 729 च्या सुमारास, वारले. त्यांच्या नावावर आज जे ख्वाबनामे, म्हणजे स्वप्नांच्या अर्थांची पुस्तके, विकले जातात ते त्यांनी लिहिलेले नाहीत, पुष्कळ नंतर त्यांच्या नावे जमवलेले आहेत. त्यांची एक प्रसिद्ध कथा मात्र ताबीर म्हणजे काय ते नेमके दाखवते. दोन माणसे त्यांच्याकडे आली; दोघांनीही स्वप्नात स्वतःला अजान देताना पाहिले होते. एकाला ते म्हणाले, तू हजला जाशील. दुसऱ्याला म्हणाले, तुझा हात चोरीसाठी कापला जाईल. शिष्यांनी कारण विचारले, तेव्हा त्यांनी सांगितले की पहिल्याच्या चेहऱ्यावर मला नेकी दिसली, म्हणून कुरआनातली हजची हाक देण्याची आयत (वचन) आठवली. दुसऱ्याचे लक्षण मला बरे दिसले नाही, म्हणून सूरह यूसुफमधली ‘तुम्ही चोर आहात’ ही पुकार आठवली. स्वप्न एकच होते, पण माणसे दोन होती, आणि इब्न सीरीन यांनी माणसे पाहिली. असेही सांगितले जाते की शंभर स्वप्ने विचारली तरी ते पुष्कळदा एवढेच म्हणत: जागेपणी अल्लाहला भिऊन नीट वाग, झोपेत पाहिलेले तुझे काही बिघडवणार नाही.

पुढच्या शतकांत ताबीर ही मोठी विद्या झाली. बगदादमध्ये नवव्या शतकात हुनैन इब्न इसहाक यांनी ग्रीक स्वप्नशास्त्राचा ग्रंथ अरबीत आणला, आणि दमास्कसच्या अब्दुल गनी नाबुलुसी (1641–1731) यांनी तर अक्षरांच्या क्रमाने लावलेला स्वप्नकोशच लिहिला. या ग्रंथांच्या विद्वत्तेविषयी मला आदर आहे. परंतु कोशातून नुसता शब्द उचलला आणि स्वप्न पाहणारा मागे सोडला, तर हाती राहते ती केवळ यादी. आज मोबाईलवर ‘ख्वाब में साप देखना’ असे शोधणाऱ्याला तीच मिळते.

स्वतःच्या स्वप्नाचा अर्थ स्वतः लावतानाही माणूस किती घसरतो, याचे आपल्या इतिहासाशी जोडलेले एक उदाहरण आहे. टिपू सुलतानने फारसीत लिहून ठेवलेली 37 स्वप्नांची वही 1799 मध्ये श्रीरंगपट्टण पडल्यावर इंग्रजांना सापडली. आज ती लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. टिपूविषयीचे वाद मी इथे बाजूला ठेवते. हरिपंत फडके यांच्या मराठी फौजेवर सावनूरजवळ रात्री छापा घालण्याआधी त्याला स्वप्नात पुरुषवेषातला एक तरुण दिसला, जो प्रत्यक्षात स्त्री निघाला. टिपूने ताबीर केली की हे शत्रू पुरुषांच्या वेषात असले तरी लढाईत बायकांसारखे ठरतील. पण 1787 मध्ये गजेंद्रगडला तह झाला तेव्हा मराठ्यांना खंडणी देण्याचे कबूल करावे लागले ते टिपूलाच. स्वप्न रूपकाचे होते खरे, पण त्यावर अर्थ चढवला होता तो त्याच्या इच्छेने.

आणखी एक हदीस आहे की ताबीर होईपर्यंत स्वप्न पक्ष्याच्या पायाला अडकलेले असते, ताबीर झाली की ते खाली पडते, म्हणजे तसेच घडते. म्हणून तोंडातून शब्द काढताना जबाबदारी हवी. न पाहिलेले स्वप्न पाहिले म्हणून सांगणाऱ्याला कयामतच्या दिवशी जवाच्या दोन दाण्यांना एकमेकांत गाठ मारायला सांगितले जाईल, आणि ते त्याला कधीच जमणार नाही. स्वप्ने विकणाऱ्यांनी ही हदीस वाचली नसेल असे मला वाटत नाही. त्यांच्याइतकाच दोष मी मुलाच्या घरच्यांनाही देते. त्यांना नकार द्यायचा होता तर तो स्वतःच्या तोंडाने द्यायला हवा होता. त्यासाठी दीनच्या आड उभे राहायचे कारण नव्हते.

परवा मामीकडे मुक्कामाला होते. फजरची (पहाटेची) नमाज झाल्यावर बहीण मुसल्ल्यावरच, म्हणजे नमाजच्या चटईवरच, बसून राहिली होती. मी चहा घेऊन गेले तेव्हा तिने कप बाजूला ठेवला आणि हळूच म्हणाली, “आपा, आज एक ख्वाब पडलं.” मी नानीसारखे आधी ‘खैर’ (भले होवो) म्हटले, तिच्याजवळ बसले आणि तिचे सगळे ऐकून घेतले. ते काय होते हे मी इथे लिहिणार नाही.