‘मोडलेलं मन तक्रार करत नाही’ म्हणणाऱ्या वाचकाला उत्तर

सलाम.

‘पश्चात्तापानं विलाप गिळला’ या माझ्या लेखाखाली ‘एक विश्वासू’ या नावानं आपण लिहिलेली प्रतिक्रिया वाचली. त्या चौकटीत उत्तर मावेना, म्हणून इथं स्वतंत्र लिहितोय. मूळ लेख ज्यांनी वाचला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: इ.स.पू. ५८६ मध्ये बाबेलचा राजा नबुखद्नेस्सर याच्या सैन्यानं यरुशलेम पाडलं, मंदिर जाळलं. त्यानंतरच्या पिढ्यांत देवाला जाब विचारणारी प्रार्थना, म्हणजे विलाप, मागे पडत गेली आणि ‘आम्ही पाप केलं, तू न्यायी आहेस’ असं म्हणणारी प्रार्थना पुढे आली. आपल्या ख्रिस्ती मंडळ्यांत आज ही दुसरीच तेवढी शिल्लक राहिली आहे, एवढंच माझं म्हणणं होतं.

आपल्या प्रतिक्रियेत बरंच काही आहे. शीर्षक भडक आहे. दानीएल ९ आणि नहेम्या ९ हे बायबलातले कबुलीच्या प्रार्थनांचे अध्याय मी नीट वाचलेले नाहीत. यरुशलेमच्या नाशावरच्या विलापगीत या पुस्तकातच पापाची कबुली आहे आणि ती मी लपवली. स्तोत्रांचा जर्मन अभ्यासक वेस्टरमान याच्यासारख्या पाश्चात्त्य पंडितांची उष्टी काढण्यात मला भूषण वाटतं. आणि सगळ्यात शेवटी ते वाक्य: ‘तक्रार ही न मोडलेल्या मनाची भाषा आहे. मन खरोखर मोडलं की माणूस फक्त कबुली देतो.’

शीर्षक भडक होतं, मान्य. ‘गिळला’ हा शब्द वर्तमानपत्री आहे. बदलतो.

आता बाकीचं. ‘प्रिय बंधू’ म्हणून सुरुवात करायची आणि तिसऱ्याच ओळीला ‘अर्धवट वाचून पाजळणारे’ म्हणायचं, ही पद्धत मला नवी नाही. मंडळीच्या वार्षिक सभेत ती भरपूर पाहिली आहे. वर स्वतःचं नाव लिहायचं नाही. मी माझ्या नावानं लिहितो. चुकलो तर लोक घरी येऊन सांगतात. आपल्याला ती भीती नाही, म्हणून आवाज चढला असावा. शास्त्रावर वाद घालायला माझी ना नाही, पण ‘तुमच्यासाठी प्रार्थना करतो’ हे वाक्य काठीसारखं वापरू नये एवढं तरी आपल्यासारख्या विश्वासू माणसाला कुणीतरी शिकवायला हवं होतं.

वेस्टरमानचं उष्टं म्हणता, तर हा गृहस्थ दुसऱ्या महायुद्धात रशियनांच्या ताब्यात युद्धकैदी होता आणि स्तोत्रांवरच्या विचाराला त्यानं तिथं आकार दिला. पाश्चात्त्य पंडित म्हटल्यावर डोळ्यांपुढे येणारी आरामखुर्ची त्याला नव्हती. पुढे जाऊ.

खरं बोलायचंय ते शेवटच्या वाक्याबद्दल. ते आपण स्तोत्र ५१ वर उभं केलंय: देवाला भग्न आणि अनुतप्त हृदय हवं, म्हणून तक्रार करणारा अजून भग्न झालेला नाही. आधी त्या स्तोत्राचा मथळा वाचा. बथशेबेच्या प्रकरणानंतर नाथान संदेष्टा दाविदाकडे आला, तेव्हाचं स्तोत्र असं तिथं लिहिलंय. म्हणजे प्रार्थना करणारा कोण? दुसऱ्याची बायको घेऊन तिच्या नवऱ्याला, उरीयाला, लढाईत मारवणारा राजा. त्याच्या तोंडी कबुलीच शोभते. तो जर ‘देवा, माझ्यावर ही वेळ का आणलीस’ म्हणाला असता तर नाथान पुढचं न ऐकताच परत फिरला असता. पण तीच प्रार्थना उरीयाच्या आईच्या तोंडी घालायची का? आपल्या नियमानं घालावी लागेल, कारण तिनं गाऱ्हाणं मांडलं तर ती ‘न मोडलेली’ ठरते.

स्तोत्र ४४ काय म्हणतं? हे सगळं आमच्यावर आलं, तरी आम्ही तुला विसरलो नाही, तुझा करार मोडला नाही. आणि थोडं पुढे: प्रभू, ऊठ, झोपलास का? हे म्हणणारे लोक हरलेले, लुटलेले, शेजाऱ्यांच्या थट्टेचा विषय झालेले आहेत. मन मोडायला आणखी काय लागतं? याच स्तोत्रातलं ‘तुझ्यामुळे आम्ही दिवसभर मारले जातो’ हे वचन पौलानं रोमकरांस पत्रात, आठव्या अध्यायात घेतलं. त्याला त्यात न मोडलेलं मन दिसलं नाही. स्तोत्र ८८ तर अंधारावरच संपतं. पाठ फिरवणाऱ्या देवाला ‘का’ विचारून त्याचा कवी हेमान एज्राही गप्प होतो, कबुलीचा एक शब्द नाही की शेवटी स्तुतीची ओळ नाही. आणि वधस्तंभावर प्रभूच्या तोंडी आलं ते स्तोत्र २२ होतं, ५१ नव्हे. मार्क १५:३४. यावर आपलं काय म्हणणं आहे ते कळवा, मी खरंच वाट पाहीन.

सात पश्चात्तापाच्या स्तोत्रांचा दाखला आपण फार ठसक्यात दिलात: ६, ३२, ३८, ५१, १०२, १३०, १४३. ही यादी मूळ इब्री शास्त्रात कुठं नाही. सहाव्या शतकात कासिओदोरस या ख्रिस्ती लेखकाच्या स्तोत्रांवरच्या विवेचनात ती आपल्याला सापडते. त्यातलं सहावं उघडा. अंथरूण रोज रात्री आसवांनी भिजतं, हाडं थरथरतात, ‘परमेश्वरा, किती वेळ?’ असं आहे. पाप केल्याची कबुली दाखवा. १०२ मध्ये राख भाकरीसारखी खाणारा, छपरावरच्या एकट्या पाखरासारखा जागणारा माणूस आहे. तिथंही कबुली दाखवा. ही दोन्ही विलापाची स्तोत्रं. चर्चनं नंतर त्यांना पश्चात्तापाच्या रांगेत उभं केलं. ४३० साली हिप्पोचा बिशप ऑगस्टीन मरणाला टेकला होता आणि त्या शहराला वंडाल टोळ्यांचा वेढा पडला होता, तेव्हा त्यानं दाविदाची मोजकी पश्चात्तापाची स्तोत्रं लिहवून समोरच्या भिंतीवर लावून घेतली आणि ती वाचत तो रडत राहिला, असं त्याचा चरित्रकार पोसिदियस सांगतो. दृश्य मोठं आहे, नाही म्हणत नाही. पण भिंतीबाहेर माणसं मरत असताना भिंतीवर काय लावलं गेलं हेही बघा. माझ्या लेखाचा मुद्दा याहून वेगळा काय होता?

विलापगीतातली कबुली मी लपवली म्हणता. १:१८ आपण मला लिहून पाठवलंत: परमेश्वर न्यायी आहे, मी बंड केलं. बरोबर. मग ३:४२ का नाही पाठवलंत? तिथं आधी ‘चला, आपले मार्ग तपासू, परमेश्वराकडे वळू’ असं आवाहन आहे, हात आणि मनं स्वर्गाकडे उचलायची आहेत, आणि नेमकी प्रार्थना सुरू होते तेव्हा ती अशी: आम्ही पाप केलं, बंड केलं, तू क्षमा केली नाहीस. लगेच पुढे: तू क्रोध पांघरून आमचा पाठलाग केलास, दया न करता मारलंस, प्रार्थना आरपार जाऊ नये म्हणून स्वतःला ढगानं झाकून घेतलंस. कबुली आहेच. तिच्या पाठीला पाठ लावून फिर्यादही आहे. ५:७ मध्ये बापांनी पाप केलं, ते गेले, भार आम्ही वाहतो. ५:१६ मध्ये आम्ही पाप केलं. दोन्ही एकाच गीतात, आणि कवी ते जुळवून देत बसत नाही. दुसऱ्या गीतात तर पातकाचा उल्लेख १४ व्या वचनात तेवढा आहे, तोही खोटे दृष्टान्त सांगणाऱ्या संदेष्ट्यांवर ठपका ठेवताना. बाकी काय आहे? चौकाचौकांत पोरं मूर्च्छित पडताहेत, आयांना ‘भाकरी कुठाय’ विचारत त्यांच्या उराशी जीव सोडताहेत, आणि २:२० ला शहर देवालाच म्हणतं: बघ, हे तू कुणाशी वागलास! बायांनी पोटची पोरं खावीत?

हे लिहिणाऱ्याचं मन मोडलेलं नव्हतं, असं आपण म्हणताय. घरी बसून.

आता थोडं खासगी, कारण ‘ज्यांनी गुडघे टेकले नाहीत त्यांनाच तक्रार सुचते’ असंही आपण लिहिलंय. माझी आजी नगर जिल्ह्यात बायबलबाई होती, गावोगाव पायी फिरलेली. गुडघे टेकणं मी तिच्या शेजारी शिकलो, आपल्याकडून दाखला नको. माझा धाकटा भाऊ शाळकरी वयात काविळीनं गेला. तो आजारी असताना आमचे तेव्हाचे पाळक घरी आले. खुर्ची ओढून बसले, आणि ‘घरात कुठलं लपलेलं पाप असेल तर प्रभूपुढे आणा’ असं आईला म्हणाले. बायांच्या प्रार्थना सभेत आई सगळ्यांसमोर उभी राहिली आणि मंडळीला द्यायचं एका महिन्याचं दशमांश आमच्या शाळेच्या फीत घातल्याचं रडत रडत बोलली. तिच्याकडे दुसरं पापच सापडेना. भाऊ तरी गेलाच. पुढे कितीतरी वर्षं ती हिशेब करत होती की फी नसती भरली तर. स्तोत्र ८८ तिला कुणी वाचून दाखवलं नाही.

पाळक दुष्ट नव्हते. ईयोबाचं सांत्वन करायला आलेला मित्र बिल्दद शूहीही नसावा. पण ईयोबाच्या ८:४ मध्ये तो मुलं गमावलेल्या बापाला ऐकवतो की तुझ्या मुलांनी पाप केलं असेल म्हणून देवानं त्यांना त्याचं फळ दिलं. आणि ४२:७ मध्ये देव त्यांच्यातल्याच अलीफजाला सांगतो की माझ्याविषयी तुम्ही ईयोबासारखं यथार्थ बोलला नाहीत. आता आपण ४२:६ काढणार, ईयोब धुळीत आणि राखेत पश्चात्ताप करतो ते. काढा. त्यानंतरचं वचन सातवंच आहे.

यहुदी परंपरेनं दोन्ही प्रार्थना सांभाळल्या, पण एकीला दुसरीच्या जागेवर बसू दिलं नाही. आब महिन्याच्या ९ तारखेला, मंदिराच्या नाशाच्या शोकदिनी, यहुदी लोक जमिनीवर बसून विलापगीत वाचतात. रोजच्या उपासनेतली तहनून नावाची क्षमायाचना त्या दिवशी गाळतात (रब्बी त्यासाठी विलापगीत १:१५ चा आधार सांगतात, तो निराळा विषय). कबुलीचा मोठा दिवस वेगळा, योम किप्पूर. आपल्या कोकणातल्या बेने इस्राएल यहुद्यांनीही हे दोन दिवस वेगळेच पाळले: एक वालाच्या बिरड्यावरून बिरड्याचा सण, दुसरा दारं लावून घरात बसायचा दारफाळणीचा सण. आणि विलापगीताचा शेवट, ‘की तू आम्हांला कायमचं टाकलंस?’ असा, ५:२२. तो ऐकवत नाही म्हणून सभास्थानात २१ वं वचन पुन्हा म्हणतात. पण २२ वं गाळत नाहीत.

दानीएल ९ वर वेगळं लिहीन, इथं जागा नाही. एज्रा ९ आणि बारूखही तिथंच घेईन.

नहेम्या ९ मात्र आत्ताच. गोणताट नेसून, डोक्यावर माती घेऊन लोक जमले, दिवसाचा चौथा हिस्सा नियमशास्त्र वाचलं, चौथा हिस्सा कबुली दिली. आपण ३३ वं वचन ठळक अक्षरांत पाठवलंत: आमच्यावर आलेल्या सगळ्यात तू न्यायी आहेस. आणि थांबलात. ३२ व्यात ते देवाला आमचे कष्ट क्षुल्लक मानू नकोस असं म्हणतात. ३६, ३७ मध्ये, एवढ्या कबुलीनंतर, आमच्या बापांना दिलेल्या जमिनीवर आज आम्हीच गुलाम आहोत, तिचं भरघोस पीक तू आमच्यावर नेमलेल्या राजांच्या घरात जातं, ते आमच्या देहांवर आणि गुरांवर मन मानेल तशी सत्ता गाजवतात, आम्ही मोठ्या संकटात आहोत, असं आहे. प्रार्थना तिथंच संपते. म्हणजे आपल्या हुकमी वचनाच्या दोन्ही अंगांना तक्रारच निघाली.

प्रतिक्रिया उडवलेली नाही, राहू द्या. पुढच्या वेळी नाव लिहा, आणि वचन पाठवाल तर पुढचं-मागचंही पाठवा.