रुटगर हाउअरला घडवलं कोणी?

"या डच नटाला, हाउअरला, मोठं केलं हॉलिवूडनं," मंद्या ठामपणे म्हणाला. "'ब्लेड रनर' हा चित्रपट नसता तर नेदरलँड्सबाहेर कोण ओळखत होतं त्याला?"

निल्या उसळलाच. "सनावळी बघ की! जन्म १९४४चा, आईबाप दोघंही नाटक शिकवणारे. पोरगा १५व्या वर्षी घर सोडून मालवाहू जहाजावर गेला. रंगांधळा असल्यानं दर्यावर्दी होणं हुकलं, तेव्हा नाटकाकडे वळला. मग उत्तर नेदरलँड्समध्ये 'नॉर्डर कॉम्पनी' या फिरत्या प्रायोगिक मंडळीत काही वर्षं. १९६९ला पॉल व्हरहूवनच्या 'फ्लोरिस' मालिकेत सरदार झाला. त्याच दिग्दर्शकाच्या 'टर्किश डिलाइट'ची १९७३ला मायदेशातच ३३ लाखांवर तिकिटं खपली. देशाची लोकसंख्या तेव्हा दीड कोटीसुद्धा नव्हती. 'ब्लेड रनर' आला १९८२ला, म्हणजे गडी आधीच तयार होता."

"घरचं कौतुक वेगळं. जगानं पाहिला तो 'ब्लेड रनर'मधला कृत्रिम माणूस रॉय बॅटीच."

"मग बॅटीचंच बोलू," सुजाता म्हणाली. "मरतानाचं त्याचं भाषण पटकथेत बरंच लांब होतं. हाउअरचं म्हणणं असं, की याची बॅटरी संपत आलीय, याला निरोपाची लांबण लावायला वेळ कुठला? चित्रीकरणाच्या आदल्या रात्री त्यानं कात्री लावली. जळती अवकाशजहाजं ठेवली, 'टानहॉयझर गेट' हे काल्पनिक ठिकाण ठेवलं आणि पावसातल्या अश्रूंची ओळ स्वतः घातली. उरले ४२ इंग्रजी शब्द! आपल्या वाट्याचे शब्द नट स्वतःहून कमी करतो, ही रंगभूमीची शिस्त आहे. मला तरी तिथं फिरत्या मंडळीतला नटच दिसतो."

"कबुतराचं सांग ना," निल्या.

"बॅटी मरतो तेव्हा त्याच्या हातातलं कबुतर उडायला हवं होतं. पण कृत्रिम पावसानं पंख भिजले, ते उडेचना. शेवटी उडतानाचा शॉट नंतर वेगळा घेतला. म्हणून जुन्या प्रतीत रात्रीच्या पावसात एकदम कोरडं निळं आकाश दिसतं. २००७च्या 'फायनल कट' या आवृत्तीत ते दुरुस्त केलं."

मंद्या मागे हटेना. "'द हिचर'मधला खुनी? तोही हॉलिवूडचाच."

"खलनायकाचा साचा हॉलिवूडचा, हे कबूल," सुजाता म्हणाली. "पण इटालियन दिग्दर्शक एर्मान्नो ओल्मीचा 'लेजंड ऑफ द होली ड्रिंकर' बघ, १९८८चा. पॅरिसमधला बेघर दारुडा. अनोळखी माणूस २०० फ्रँक देतो, जमेल तेव्हा संत तेरेझच्या देवळात फेड म्हणतो. हा दरवेळी फेडायला निघतो आणि दरवेळी वाटेत काहीतरी आडवं येतं. संवाद मोजके. बंदूक नाही, धमकी नाही, सगळा भार चेहऱ्यावर आणि थकलेल्या चालीवर. चित्रपटाला व्हेनिस महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, गोल्डन लायन, मिळाला. ही भूमिका त्याला हॉलिवूडनं कधी दिली असती?"

"त्याच वर्षी 'एस्केप फ्रॉम सोबिबोर' या टीव्ही चित्रपटासाठी गोल्डन ग्लोब अमेरिकेतच मिळाला की!"

"मिळाला ना. पण भूमिका कुठली? नाझी छळछावणीतून कैद्यांना बाहेर काढणारा सोव्हिएत अधिकारी पेचेर्स्की. तीसुद्धा खलनायकाची नव्हती, मंद्या."