आर्थर मिलर आणि ‘द क्रूसिबल’: आधी नाटक, मग चौकशी
अमेरिकी नाटककार आर्थर मिलर यांच्याबद्दल ‘मॅकार्थींच्या समितीने आर्थर मिलर यांना तुरुंगात टाकलं, सुटल्यावर त्या संतापातून त्यांनी ‘द क्रूसिबल’ लिहिलं’ असा मजकूर सध्या फिरतो आहे. १९५० च्या दशकात अमेरिकेत कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून लोकांच्या चौकश्या होत होत्या, आणि जोसेफ मॅकार्थी हे त्या मोहिमेतलं सर्वात गाजलेलं नाव. पण या मजकुरातला क्रमच उलटा आहे. मिलर १९५२ मध्येच अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्स राज्यातल्या सेलमला जाऊन तिथल्या १६९२ च्या चेटूक-खटल्यांची कागदपत्रं वाचत होते; नाटक त्याच खटल्यांवर बेतलेलं आहे. नाटक न्यूयॉर्कमध्ये रंगमंचावर आलं २२ जानेवारी १९५३ ला, आणि चौकशी समितीपुढे त्यांची साक्ष झाली थेट जून १९५६ मध्ये. समितीही अमेरिकी संसदेच्या प्रतिनिधीगृहाची, मॅकार्थी तर दुसऱ्या सभागृहाचे, म्हणजे सिनेटचे सदस्य. तुरुंगवासही घडला नाही. १९५७ मध्ये ५०० डॉलर दंड आणि स्थगित कैद झाली, १९५८ मध्ये अपिलात ही शिक्षाच रद्द झाली.

तारखांचा हा घोळ किरकोळ नाही, कारण त्यात मिलर यांचं खरं धाडस झाकलं जातं. नाटकात चेटकाचा आरोप असलेला जॉन प्रॉक्टर स्वतःबद्दल कबुली द्यायला तयार होतो, पण शेजाऱ्यांची नावं काही केल्या घेत नाही. हा प्रवेश रंगमंचावर आल्यानंतर तीनेक वर्षांनी समितीने मिलर यांना कम्युनिस्ट लेखकांच्या बैठकांना कोण हजर होतं ते विचारलं. स्वतःबद्दल सगळं सांगेन, दुसऱ्याचं नाव घेणार नाही, असंच त्यांनीही सांगितलं. शिक्षा झाली ती याच नकारासाठी.