आयपीएल राहू दे, कोल्हापूरला फुटबॉल बघायला चला

मार्च जवळ आला की बेळगावातल्या प्रत्येक मित्रांच्या ग्रुपवर तोच मेसेज पडतो. "बेंगळूरला मॅचला कोण कोण येणार?" पहिल्या तासात सगळे हात वर. तिकिटाचा दर कळला की निम्मे गप्प. राहिलेल्यांपैकी एकाला सुट्टी मिळत नाही, एकाच्या मेव्हण्याचं लग्न निघतं. शेवटी टीव्हीसमोर बसून भडंग खात मॅच बघायची.

बेंगळूर इथून पाचशे किलोमीटर. ऑगस्ट २०२५ पासून वंदे भारत सुरू झाली हे खरं, पण पहाटे बसून दुपारी उतरायचं, मॅच संपणार रात्री अकराला, म्हणजे मुक्काम आलाच. शिवाय जून २०२५ मध्ये चिन्नास्वामी स्टेडियमबाहेर आरसीबीच्या विजयाच्या जल्लोषात चेंगरून अकरा माणसं गेली. त्यानंतर तरी घरातून परवानगी काढताना काय सांगणार?

माझं म्हणणं सरळ आहे. मित्रांबरोबर दोन दिवस खेळ बघायला जायचं तर आपल्याला कोल्हापूरसारखं शहर नाही. आपण तिथं दवाखान्याला जातो, लग्नाच्या खरेदीला जातो, अंबाबाईला जातो. शाहू स्टेडियमवर मात्र कुणी जात नाही! सव्वाशे किलोमीटरच्या आत, हिवाळा ते उन्हाळा, गच्च भरलेल्या स्टँडसमोर फुटबॉल चालतो आणि आपण वर्ल्ड कपची वाट बघत बसतो.

ज्यांनी बघितलं नाही त्यांच्यासाठी थोडं सांगतो. तिथल्या बऱ्याच संघांच्या नावात अजून 'तालीम' आहे. पाटाकडील तालीम, खंडोबा तालीम, बालगोपाल तालीम, दिलबहार तालीम. मूळ पैलवानांचे आखाडे, पुढे त्यांच्याच मंडळांनी फुटबॉल उचलला. जोडीला शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस, फुलेवाडी. संघ म्हणजे पेठ, आणि पेठ म्हणजे भाऊबंदकी. समोरच्या संघात स्वतःचा आतेभाऊ खेळत असला तरी त्याला सोडत नाहीत. २०१७ च्या सतरा वर्षांखालील वर्ल्ड कपमध्ये भारताकडून खेळलेला अनिकेत जाधव याच कोल्हापूरचा. स्टँडमधली शेरेबाजी ऐकण्यासाठीसुद्धा तिकिटाचे पैसे द्यावेत. एकही शब्द समजावून घ्यावा लागत नाही, आणि ते सुख बेंगळुरात पैसे टाकूनही मिळत नाही. हुल्लडबाजी होते, दोन पेठा भिडतात, पोलीस बंदोबस्त लागतो, हेही खरं. म्हणून दोन कट्टर गटांच्या मधली जागा धरू नका आणि कुठल्याही एका संघाच्या रंगाचा शर्ट घालून जाऊ नका.

आता बेत कसा करायचा. फायनलच्या मागं लागायचं नाही, या मुद्द्यावर माझं आमच्या ग्रुपशी कायम वाजतं. फायनलला गर्दी मरणाची, आणि तारीख पुढंमागं झाली की सगळ्यांच्या सुट्ट्या वाया. केएसएच्या, म्हणजे कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशनच्या, लीगचा साधा शनिवार-रविवार पकडा. बहुतेक वेळा दुपारी लागोपाठ दोन सामने असतात, म्हणजे एका बैठकीत चार संघ बघून होतात. सकाळ मोकळी, संध्याकाळ मोकळी.

राहायचं जुन्या शहरातच. महाद्वार रोडच्या आसपास लॉज आहेत, स्टेडियमला जायला गाडी काढावी लागत नाही. फक्त जोतिबाची चैत्र यात्रा बघून तारीख धरा, नाहीतर खोली मिळणार नाही. जानेवारीअखेर अंबाबाईचा किरणोत्सव असतो, मावळतीची किरणं देवीच्या मूर्तीवर येतात. मावळतीला देवळात थांबायचं की दुसरा सामना शेवटपर्यंत बघायचा, ते घरून निघतानाच ठरवा. आमच्यात यावरून रस्त्यावर उभं राहून भांडण झालेलं आहे.

आणि कृपा करून यादी वाढवू नका. "आलोच आहोत तर पन्हाळा करूया, नरसोबाच्या वाडीला जाऊया, येताना आदमापूर" असं म्हणणारा एक जण प्रत्येक गाडीत असतो. त्याला पुढच्या सीटवर बसवू नये. सकाळी मिसळ, मग खासबाग मैदान. शाहू महाराजांनी बांधलेलं हे कुस्तीचं मैदान खोलगट आहे, त्यामुळं कुठंही बसलं तरी लाल माती दिसते. बेळगावच्या आनंदवाडीच्या आखाड्यात कुस्त्या बघत वाढलेल्या आपल्या माणसाला तिथं नुसतं उभं राहिलं तरी बरं वाटतं. शेजारचं केशवराव भोसले नाट्यगृह ऑगस्ट २०२४ मध्ये जळालं, तेव्हा इकडं बेळगावातही लोक हळहळले होते. दुपारी सामने. रात्री तांबडा-पांढरा रस्सा, आणि झोपायच्या आधी गंगावेशीत म्हशीचं धारोष्ण दूध. एवढ्यात दिवस भरतो.

आपल्या भागातल्या माणसाला अजून एक हिशोब करावा लागतो, जो पुण्या-मुंबईच्या ट्रॅव्हल व्हिडिओत कुणी सांगत नाही. सीमाप्रश्नावरून काही पेटलं की पहिल्यांदा एसटी बंद होते. डिसेंबर २०२२ मध्ये झालं, फेब्रुवारी २०२५ मध्ये कंडक्टरला झालेल्या मारहाणीवरून पुन्हा झालं. दोन्हीकडच्या बसना काळं फासलं जातं आणि निपाणीत उतरून पुढं काय, हा प्रश्न पडतो. म्हणून १ नोव्हेंबरच्या, म्हणजे कर्नाटक राज्योत्सवाच्या, आगेमागे आणि बेळगावच्या सुवर्णसौधमध्ये कर्नाटक विधिमंडळाचं अधिवेशन असतं तेव्हा बेत नको. बाकी वर्षभर एसटी उत्तम, गाडीपेक्षा स्वस्त आणि परत येताना कुणाला जागं राहावं लागत नाही. स्वतःची गाडी काढायची तर टोल आणि डिझेल निघायच्या आधी गोळा करा. "नंतर बघूया की" म्हणणाऱ्याचे पैसे संकेश्वर मागं पडलं की येत नाहीत.

बायकांनीही यावं असं मला वाटतं. स्टँडमध्ये त्या कमी दिसतात, पण चार-पाच मैत्रिणी मिळून आल्या तर कुणी वळून बघायच्या आधी गोल झालेला असतो. आमच्या घरातून पुढच्या खेपेला बहीण येणार आहे. तिनं आत्तापासूनच पाटाकडील धरलंय, मी दिलबहार.

लीगचं वेळापत्रक आलं की तारीख टाकतो. ज्यांना यायचंय त्यांनी खाली नाव लिहा, पण आधी घरी विचारून.